रात्रभर जळणारी ट्यूब

पुण्याजवळच्या एका वृद्धाश्रमातून फोन आला. "मॅडम, आमच्या आज्या रात्री उठून फिरतात. दोघी पडल्या. पॅसेजमध्ये आणखी दोन ट्यूब बसवून द्या." प्रकाशयोजना हे माझं काम. म्हटलं, दिवे नंतर ठरवू, आधी मला एक दिवस आणि एक रात्र तिथे राहू द्या.

दुपारी बाराला पोहोचले. हॉलमध्ये सतरा जणी भिंतीला टेकून खुर्च्यांवर बसलेल्या. टीव्हीच्या काचेवर ऊन चमकतं म्हणून खिडक्यांचे जाड पडदे ओढलेले. टेबलावर उजेड मोजणारा लक्समीटर ठेवला, १८० लक्स दाखवलं. मग तोच मीटर एका आजींच्या डोळ्यांशेजारी, त्या बघत होत्या त्या दिशेला उभा धरला. फक्त ५५.

"ताप मोजतेस का गं?"

"नाही आजी, उजेड."

"मग मलाच विचार की. इथे बसून सकाळ आहे का संध्याकाळ, काही कळत नाही."

आजींनी माझं निदान एका वाक्यात सांगून टाकलं होतं. आम्ही वर्षानुवर्षं टेबलावरचा उजेड मोजत आलो, कारण वाचणं, निवडणं, चिरणं टेबलावर होतं. पण डोळ्याच्या पडद्यात काही पेशी अशा आहेत, की त्या मुख्यतः शरीराच्या घड्याळाला दिवस-रात्र कळवतात. त्या स्वतःच प्रकाश टिपतात, हे २००२ मध्ये दाखवलं गेलं. ४८० नॅनोमीटरच्या आसपासचा निळसर उजेड त्यांना सगळ्यात जास्त जाणवतो. वय वाढतं तसं डोळ्यातलं भिंग पिवळं पडतं आणि नेमका हाच भाग अडवतं. या पेशींच्या हिशेबाने दिवसा डोळ्यापाशी किमान २५० लक्स हवेत, संध्याकाळी फार तर १० आणि झोपेत १. इथे भर दुपारी ५५. बाहेरच्या व्हरांड्यात, सावलीतच, मीटर २,४०० सांगत होता. मध्ये एक दार होतं फक्त.

रात्री उलटा प्रकार. पॅसेजमधली दुधाळ पांढरी ट्यूब रात्रभर चालू. दारावरच्या तावदानातून तिचा पट्टा थेट उशीवर, १४ लक्स.

दीड वाजता दुपारच्याच आजी उठल्या. मी मागोमाग गेले. ट्यूबखाली आल्यावर त्यांचे डोळे दिपले, हात कपाळावर गेला. तिथून पुढे बाथरूम मात्र काळोखं. डोळे सरावायच्या आत पाय उंबऱ्याशी चाचपडू लागला. मी दंड धरला. त्या दोघी कशा पडल्या असतील, ते डोळ्यांसमोर आलं आणि खरं सांगते, घशाशी आवंढा आला. आणखी दोन ट्यूब लावल्या असत्या तर हे अधिकच वाईट झालं असतं.

सकाळी विश्वस्तांना सांगितलं: टीव्ही दुसऱ्या भिंतीवर न्या, पडदे उघडा, सकाळचा चहा आणि भाजी निवडणं व्हरांड्यात. ट्यूब काढून कॉटपासून बाथरूमपर्यंत जमिनीलगत पिवळट मंद दिवे, पाय खाली ठेवला की लागणारे. बाथरूममध्येही तसेच.

रात्रपाळीच्या मावशी अडल्या. "ताई, मला बीपी बघायचं असतं, चादर बदलायची असते. अंधारात कसं करू?" त्यांचं बरोबर होतं, आणि माझ्या आराखड्यात त्यांचा विचारच नव्हता. म्हणून प्रत्येक कॉटशी हाताने वळवता येणारा छोटा दिवा वाढवला, ज्याचा झोत शेजारच्या उशीवर जाणार नाही असा.

महिन्याभराने मावशींचा फोन आला. रात्रीचं फिरणं कमी झालंय. तेवढ्यातच दुपारची झोपही मोडली होती, चहाची वेळ बदलली होती, त्यामुळे सगळं श्रेय दिव्यांना देणार नाही. आजी आता व्हरांड्यातल्या कडेच्या खुर्चीसाठी भांडतात म्हणे.

पण मागच्या खोलीत दोघी अंथरुणाला खिळलेल्या आहेत. त्यांची खिडकी शेजारच्या भिंतीवर उघडते. ती भिंत पांढरी रंगवून घेता येईल का, हे विचारायला उद्या शेजाऱ्यांकडे जाणार आहे.