आवाज बंद करून पाहिलेले युद्ध
आज दुपारी ‘सेव्हिंग प्रायव्हेट रायन’ या दुसऱ्या महायुद्धावरील चित्रपटातला, फ्रान्समधल्या ओमाहा किनाऱ्यावरच्या लढाईचा प्रसंग मी आवाज बंद करून, केवळ संकलनासाठी पुन्हा पाहिला. स्वतःचा तुटलेला हात उचलून चालू लागणारा सैनिक चित्रपटाचा नायक कॅप्टन मिलर याला दिसतो, तिथे संकलक मायकल कान आपल्याला नजर वळवू देत नाहीत. ‘होगन्स हीरोज’ या युद्धकैद्यांवरील विनोदी मालिकेपासून ‘एम्पायर ऑफ द सन’, ‘शिंडलर्स लिस्ट’ आणि १९९८ सालच्या या चित्रपटापर्यंत आलेल्या या माणसाने हे काम संगणकावर नव्हे, तर प्रत्यक्ष फिल्म कापून आणि जोडून केले, याचे मला मनापासून अप्रूप वाटते. शेवटच्या दोन्ही चित्रपटांसाठी त्यांना ऑस्कर मिळाले. मिलरने डोक्यावर घातलेल्या हेल्मेटमधून ओघळणारे ते रक्ताळलेले पाणी अजूनही माझ्या डोळ्यांसमोरून हलत नाही.