हॉक आधी, बीन्स नंतर

काल रात्री एक पाउंड ग्रेट नॉर्दर्न बीन्स भिजत घातले होते, आणि आत्ता हे टाइप करतोय तेव्हा मागे गॅसवर मोठं भांडं मंद रटरटतंय, हिकरीच्या लाकडाच्या धुराचा वास पार वरच्या मजल्यापर्यंत गेलाय. टेनेसीतल्या नॉक्सव्हिलला येऊन आम्हाला नऊ वर्षं झाली, आणि इथला एखादा पदार्थ मी मनापासून आपला मानला असेल तर तो हाच, पांढरे बीन्स आणि स्मोक्ड हॅम. बरेच दिवस लिहायचं होतं. कारण याबद्दल जो तो बोलतो तो बीन्सबद्दल बोलतो, कुठले घ्यायचे, किती भिजवायचे वगैरे, आणि माझं मत आता इतक्या हिवाळ्यांनंतर पक्कं झालंय की हा पदार्थ बीन्सचा नाहीच, रश्शाचा आहे. इथे त्याला पॉट लिकर म्हणतात, म्हणजे भांड्यात तळाशी जो अर्क उतरतो तो. तो जमला तर बीन्स आपोआप जमतात.

हे मला शिकवलं शेजारच्या आजोबांनी. इथे मोठ्या माणसाला मिस्टर आणि पुढे पहिलं नाव अशी हाक मारतात, मीपण तशीच मारतो, पण लिहिताना आजोबाच म्हणतो. डोंगरातले आहेत, स्मोकीज नावाच्या डोंगरांच्या पायथ्याचे. (त्या अख्ख्या डोंगररांगेचं नाव ते "ॲपलॅचा" असं म्हणतात, मी सुरुवातीला "ॲपलेशिया" म्हणायचो ते त्यांनी पहिल्याच आठवड्यात सुधारून घेतलं.) आमच्या दुसऱ्या हिवाळ्यात बर्फ पडून दीड दिवस लाइट गेली होती तेव्हा ते झाकण बांधलेलं भांडं घेऊन दारात उभे, म्हणाले बाळा, गरम आहे तोवर खाऊन घ्या. त्यात दिसायला काहीच नव्हतं. पांढुरका रस्सा, बीन्स, मांसाचे गुलाबी धागे. ना तिखट ना मसाला. पण पहिला चमचा घेतला आणि ओठांना चिकटला तो रस, आपल्याकडे पायाच्या सूपचा चिकटतो ना तसा, आणि मागून सावकाश धुराची चव आली. मी आणि बायको दोघं गप्पच बसलो खात.

मग मी स्वतः करायला गेलो आणि पहिले दोन वेळा साफ बिघडलं. मी काय केलं, भिजवलेले बीन्स, हॉक (म्हणजे डुकराच्या पायाचा स्मोक्ड तुकडा), कांदा, मीठ सगळं एकदम टाकलं आणि गॅस लावला. बीन्स सव्वा तासात शिजले, हॉक मात्र रबरासारखा तसाच, म्हणून आणखी उकळत ठेवलं तर बीन्सचा लगदा झाला आणि वर मीठ असं काही चढलं की खाववेना. आजोबांना सांगितलं तर त्यांनी एकच प्रश्न विचारला, "हॉक आधी किती वेळ शिजवलास?" बस. तिथे सगळं आलं.

हॅम हॉक म्हणजे डुकराच्या पायाचा घोट्याजवळचा सांधा, पाउलाच्या वर आणि मांडीच्या खाली. मांस थोडंच असतं त्यात, बाकी हाड, कातडी, स्नायूबंध, आणि त्याच सगळ्या चिवट भागात कोलॅजन भरलेलं असतं जे मंद आचेवर तास दोन तासांनी विरघळून जिलेटिन होतं. ओठाला चिकटतो तो हाच. याला घाई चालत नाही. बीन्सचा वेळ वेगळा, हॉकचा वेगळा, म्हणून दोघांना एकाच वेळी भांड्यात सोडलं की कुणातरी एकावर अन्याय होतो.

आता मी असं करतो. दोन स्मोक्ड हॉक, मिळून दीड पाउंडाच्या आसपास, नळाखाली धुऊन तीन लिटर गार पाण्यात ठेवायचे, सोबत एक अख्खा सोललेला कांदा, चार लसूण पाकळ्या, दोन तमालपत्रं, दहाबारा मिरी. मीठ अजिबात नाही. एक उकळी आली की वरचा फेस काढायचा आणि आच इतकी कमी करायची की वर एखादाच बुडबुडा यावा. झाकण जरासं तिरकं. दीड ते दोन तास. काट्याने टोचल्यावर कातडी सहज फाटली आणि हाड हलवलं की आतल्या आत फिरलं म्हणजे झालं. या वेळेला रस्सा चाखून बघा, नुसता रस्सा, कारण हॉक मिठाच्या पाण्यात मुरवून मग धुरावर धरलेला असतो आणि कुठला किती खारट निघेल याचा नेम नसतो. खूपच खारट वाटला तर दोन वाट्या काढून ठेवायच्या आणि तेवढं साधं पाणी घालायचं. काढलेला रस्सा टाकू मात्र नका हं, पालेभाजीला वापरा.

दुकानात घेताना एक बघा. साधा हॉक आणि स्मोक्ड हॉक कधीकधी शेजारी शेजारीच ठेवलेले असतात, स्मोक्ड असतो त्याची कातडी तांबूस तपकिरी असते, साधा फिकट गुलाबी. पाकिटावर स्मोक फ्लेवर ॲडेड असं लिहिलेलं असेल तर त्यात वरून धुराचा अर्क घातलेला असतो आणि मला तरी तो शिजल्यावर कडवट लागतो. आणि इथे हॅममध्ये पण दोन जाती, सिटी हॅम म्हणजे ओल्या खारवणीचं मऊ रसदार, आणि कंट्री हॅम म्हणजे कोरडं मीठ चोळून महिनोन्महिने टांगलेलं, टेनेसी केंटकी व्हर्जिनियाचा खास अभिमान. कंट्री हॅमचा हॉक मिळाला तर सोनंच, पण तो आधी रात्रभर पाण्यात ठेवून ते पाणी फेकायचं, नाहीतर अख्खं भांडं खारट. ईस्टरचं किंवा ख्रिसमसचं हॅम उरलं असेल तर त्याचं हाड फ्रीजरमध्ये ठेवा, तेही उत्तम चालतं, फक्त जोडीला एखादा हॉक असला की रश्शाला अंग येतं. आणि डुक्कर खात नसाल तर स्मोक्ड टर्कीचे पंख किंवा मान घ्या, इथल्या कितीतरी घरांत, विशेषतः कृष्णवर्णीय कुटुंबांत, आता तेच घालतात. चिकटपणा थोडा कमी येतो पण धूर तोच.

बीन्सचं थोडक्यात. नेव्ही बीन्स लहान आणि गोलसर, लवकर फुटतात आणि रस्सा दाट करतात. अमेरिकन नौदलाच्या शिध्यात असायचे म्हणून हे नाव. ग्रेट नॉर्दर्न जरा मोठे, साल पातळ, आकार धरून राहतात, मी हेच घेतो. यांचं बियाणं मुळात इथल्या मूळ रहिवाशांचं. नॉर्थ डकोटातल्या ऑस्कर विल नावाच्या बियाणेवाल्याला सन ऑफ अ स्टार नावाच्या हिडात्सा जमातीतल्या माणसाने ते दिलं आणि त्याने एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी त्याचा प्रसार केला. आज सगळ्यात जास्त पिकतात नेब्रास्कात. म्हणजे सदर्न म्हणतो आपण या पदार्थाला पण दाणा उत्तरेकडचा, दक्षिणेचा आहे तो धूर आणि हॉक. डोंगरातल्या घरांत शरदाच्या अखेरीला पहिली कडाक्याची थंडी पडली की डुक्कर कापायचे, मोठे तुकडे मीठ लावून स्मोकहाउसमध्ये जायचे आणि हॉक नि हाडं हिवाळाभर असे वाळल्या दाण्यांबरोबर पुरवून पुरवून वापरायचे. आजोबांची आई एक हॉक दोनदा शिजवायची म्हणे, सोमवारी बीन्समध्ये आणि तेच हाड गुरुवारी पाल्यात.

भिजवताना मी मीठ घालतो, दोन मोठे चमचे तीन लिटर पाण्याला, आणि सकाळी ते पाणी ओतून दाणे धुऊन घेतो. मिठाने बीन्स कडक होतात असं आपण सगळ्यांनी ऐकलंय पण उलटं आहे. सालीतलं पेक्टिन कॅल्शियम आणि मॅग्नेशियमने घट्ट बांधलेलं असतं, मिठातलं सोडियम त्यांची जागा घेतं आणि साल मऊ पडते, त्यामुळे दाणे फुटतही नाहीत. कडक करतं ते आंबट, आणि जड पाणी. म्हणून टोमॅटो, व्हिनेगर काहीही दाणे बोटचेपे होईपर्यंत घालायचं नाही, आणि विहिरीचं जड पाणी असेल तर चिमूटभर खायचा सोडा. तरी काही दाणे गणंग राहिलेच तर बहुतेक वेळा माल जुना असतो, दोन वर्षं कपाटात पडलेली पिशवी कितीही शिजवा, ती तशीच.

तर हॉक शिजला की तो बाहेर काढायचा, कांदा आणि तमालपत्र फेकायचं, आणि त्या गरम रश्शात भिजलेले बीन्स सोडायचे. बीन्सवर दोन बोटं रस्सा हवा. एक चांगली खळखळती उकळी दहा मिनिटं द्यायची, हे महत्त्वाचं आहे कारण राजमा आणि त्याच्या भावंडांत लेक्टिन नावाचं एक प्रथिन असतं जे नीट उकळलं नाही तर पोट फार बिघडवतं. लाल राजम्यात सगळ्यात जास्त, पांढऱ्यात कमी, पण असतंच. स्लो कुकरवाल्यांनी तर हे नक्कीच वाचा, कच्चे दाणे थेट स्लो कुकरमध्ये लो वर टाकू नका, तिथे तापमान पुरेसं चढत नाही आणि अर्धवट तापवल्यावर ते लेक्टिन उलट जास्त त्रास देतं. आधी गॅसवर अर्धा तास नीट उकळा मग ठेवा.

उकळीनंतर परत मंद. तासभर, सव्वा तास. पाणी आटलं तर वरून आधणाचंच घालायचं, गार नको. डाव सारखा फिरवायचा नाही, भांडं दोन कानांनी धरून हलवायचं फक्त. तेवढ्या वेळात हॉक कोमट झालेला असतो, त्याची कातडी आणि जाड चरबी बाजूला करून मांस बोटांनी सोडवायचं. कातडी मी बारीक चिरून परत आत टाकतो, बायकोला नाही आवडत, तिच्या वाटीत येणार नाही असं बघतो. शेवटी एक डाव बीन्स भांड्याच्या कडेला ठेचायचे आणि ढवळून घ्यायचे, त्याने रस्सा मिळून येतो. मग मांस, चिमूटभर केयेन मिरचीचं तिखट, भरपूर मिरपूड, आणि आता चव बघून मीठ. बरेचदा लागतच नाही. मी एकदा राहवलं नाही म्हणून जिरं आणि धणे घातले होते आणि धूर गायबच झाला, पुन्हा घातले नाहीत. झालं की गॅस बंद करून अर्धा तास तसंच झाकून ठेवायचं, हा अर्धा तास कृपया गाळू नका.

आणि कॉर्नब्रेड. त्याशिवाय नाही. दहा इंची बिडाचा तवा (आमचा लॉज कंपनीचा आहे, इथूनच दोन-सव्वादोन तासांवर साउथ पिट्सबर्ग नावाच्या गावात 1896 पासून त्यांचा कारखाना आहे, आणि त्याच गावात दर एप्रिलमध्ये कॉर्नब्रेडची जत्रा भरते) तीन चमचे बेकनची चरबी घालून 425 फॅरेनहाइटच्या ओव्हनमध्ये तापू द्यायचा, दोन कप पांढरं मक्याचं पीठ, दोन कप ताक म्हणजे बटरमिल्क, एक अंडं, एक चमचा बेकिंग पावडर, अर्धा चमचा सोडा, एक चमचा मीठ, कालवून त्या तापलेल्या तव्यावर ओतायचं, चर्र आवाज आला पाहिजे. वीसपंचवीस मिनिटं. खालून खरपूस. साखर घालायची नाही, हे आजोबांसमोर बोलूसुद्धा नका.

खायचं कसं यावरही इथे दोन तट आहेत आणि ते जुने आहेत. 1931 साली लुइझियानाचे गव्हर्नर ह्युई लाँग आणि अटलांटा कॉन्स्टिट्यूशन हे वर्तमानपत्र यांच्यात यावरून कित्येक दिवस जाहीर वाद चालला होता, पॉट लिकरमध्ये कॉर्नब्रेड बुडवायचा की कुस्करायचा. लाँग बुडवणाऱ्यांचे, पेपरवाले कुस्करणाऱ्यांचे. तो पॉट लिकर टर्निपच्या पाल्याचा होता, पण बीन्सलाही वाद तोच लागू. आजोबा कुस्करतात, आधी वाटीच्या तळाशी कॉर्नब्रेड, त्यावर बीन्स, वर बारीक चिरलेला कच्चा कांदा आणि चमचाभर चाउ-चाउ, म्हणजे हिरवे टोमॅटो, कोबी, मिरची यांचं व्हिनेगरमधलं लोणचं. मी मुकाट कुस्करतो. भाकरी कुस्करून खाल्लेल्या माणसाला ते शिकवावं लागत नाही. लेक मात्र बुडवते.

दुसऱ्या दिवशी फ्रीजमधून काढलं की सगळं जेलीसारखं थिजलेलं असतं, तसं थिजलं म्हणजे हॉक आधी नीट शिजवला होता असं समजा. गरम करताना अर्धी वाटी पाणी घाला. तिसऱ्या दिवशी उरलेत तेवढे ठेचून, थोडं मक्याचं पीठ आणि कांदा घालून टिक्क्या करतो, त्याच बिडाच्या तव्यावर, दोन्ही बाजूंनी कडक होईपर्यंत. आज मात्र काही उरणार नाही असं दिसतंय, आजोबा सहा वाजता येतायत आणि चाउ-चाउची बरणी तेच आणणार आहेत.