घोड्यावर कोण बसलंय? वारीत ऐकलेला अनेकांत

वारीहून आल्यावर लोक एकच विचारतात, पाय किती सुजले, अंघोळीचं काय, मोबाईल चार्ज कुठे करायचा. पहाटे तीनला टँकरच्या नळाखाली अंघोळ, दिवे घाटात निघालेला जीव, ते सगळं कुणीही सांगेल. माझ्या डोक्यात बसलंय ते वेगळंच, आमच्या दिंडीतले हातकणंगल्याकडचे एक जैन काका आणि आमचे रिटायर्ड गुरुजी यांचं लोणंद सोडल्यावर जे जुंपलं ते.

जैन माणूस वारीत कसा असं वाटेल, पण कोल्हापूर-सांगलीकडे जैन म्हणजे बहुतेक शेतकरीच, आडनाव पाटील, घरात मराठी. गावातली माणसं निघतात तसे हेही निघतात. अट एकच, दिवस मावळायच्या आत जेवण. दिंडीत पंगत बसायला रात्रीचे नऊ होतात, मग स्वयंपाकाच्या ट्रकवरच्या मावशी त्यांना आधीच भाकरी आणि कांदा-लसूण न घातलेलं पिठलं काढून द्यायच्या, कुरकुर करत पण रोज न चुकता. आणि गंमत म्हणजे आषाढातच जैन साधूंचा चातुर्मास बसतो, पावसात पायाखाली जीव मरतात म्हणून ते चार महिने एका जागी थांबतात. काका म्हणायचे, "आमचे महाराज थांबायच्या तयारीत आणि मी बघ, चिखल तुडवत निघालोय."

तर झालं असं. लोणंद सोडल्यावर चांदोबाच्या लिंबाला पहिलं उभं रिंगण असतं. रस्त्याच्या दोन्ही कडेला दिंड्या उभ्या आणि मधून दोन घोडे पळत जातात. हे घोडे बेळगाव जिल्ह्यातल्या अंकलीहून शितोळे सरकारांकडून येतात. एकावर पताका घेतलेला स्वार असतो, दुसऱ्यावर कुणीच नाही, म्हणजे खोगीर आहे, सजावट आहे, बसलेलं कुणी दिसत नाही. तो माउलींचा अश्व. तो गेला की बाया-माणसं टापांखालची माती उचलून कपाळाला लावतात, मीपण लावली, आपोआप हात जातो. शेजारी एक पोरगं रील काढत होतं ते म्हणालं, "रिकामाच पळतोय की."

गुरुजी भडकले. "रिकामा? माउली बसलेत त्यावर!"

पोरगं म्हणालं दाखवा. काका हसत म्हणाले, तुमचं दोघांचंही बरोबर आहे, पण कुठल्या अंगाने ते आधी बोला. आणि मग तरडगावपर्यंत चालता चालता त्यांनी अनेकांत सांगितला, म्हणजे एकाच गोष्टीला अनेक अंगं असतात हा जैन विचार, आणि तो बोलायची रीत म्हणजे स्याद्वाद, टाळांच्या आवाजात अर्धा कळला अर्धा नाही, मी रात्री तंबूत परत विचारून घेतला.

त्यांचं म्हणणं असं की कुठलीही गोष्ट 'आहे' म्हणताना चार गोष्टी बघायच्या, द्रव्य म्हणजे वस्तू, क्षेत्र म्हणजे जागा, काळ, आणि भाव म्हणजे तिची अवस्था. वजनाच्या हिशोबाने घोड्यावर कुणी नाही, तराजूवर घाला. वारकऱ्याच्या श्रद्धेच्या अंगाने आहे, नाहीतर एवढी माणसं माती कशाला उचलतील. एकामागून एक दोन्ही सांगितलं तर आहे आणि नाही. आणि दोन्ही एकदम एका शब्दात सांग म्हणशील तर सांगताच येत नाही, त्याला ते अवक्तव्य म्हणतात. मग या अवक्तव्याला मागचे तिन्ही जोडून आणखी तीन, असे एकूण सात, सप्तभंगी. शेवटचे तीन मला आजही नीट सांगता यायचे नाहीत.

गुरुजी ऐकून घेणाऱ्यातले नाहीत. दुसऱ्या दिवशी सकाळीच सुरू झाले की शंकराचार्यांनी हे ब्रह्मसूत्राच्या भाष्यात कधीच खोडून काढलंय, एकाच वस्तूत एकाच वेळी असणं आणि नसणं राहू शकत नाही, शीतोष्णवत्, म्हणजे एकच वस्तू एकदमच थंड आणि गरम कशी असेल? मला हा मुद्दा दमदार वाटला, खरं सांगते. काकांनी एवढंच म्हटलं की एकाच अंगाने दोन्ही आहे असं आम्ही म्हणतच नाही, अंग बदललं की म्हणतो, तेवढं सोडून भांडलात तर आमच्याशी भांडलातच कुठे?

मग मीपण मधे तोंड घातलं. म्हणलं काका, प्रत्येक गोष्ट एका बाजूनेच खरी तर तुमचा हा अनेकांत तरी पूर्ण खरा कसा? ते एकदम खूश झाले. म्हणाले हे समंतभद्र आचार्यांनी, म्हणजे आमच्या जुन्या जैन तत्त्वज्ञांनी, कधीच लिहून ठेवलंय, अनेकांतसुद्धा अनेकांतच आहे. म्हणजे सुटका नाही!

फलटणला पालखी विमानतळावर उतरते. हे गाव या भांडणासाठीच वसवलंय असं मला वाटलं. इथे जुनी जैन वस्ती आणि मंदिरं, इथेच महानुभावांचे चक्रपाणी प्रभू जन्मले म्हणून तो पंथ येतो, राममंदिर आहे, आणि त्यात माउलींचा मुक्काम. काकांबरोबर मी जैन मंदिरात जाऊन आले, येईपर्यंत तंबूत विठ्ठल नक्की कोण यावर पेटलेलं होतं. गुरुजींचं, पुंडलिकासाठी आलेला कृष्ण, विषय संपला. पुण्याचा एक पोरगा म्हणाला की बाबासाहेबांनी १९५४ ला देहूरोडला सांगितलंय विठोबा म्हणजे बुद्धच. कुणी लोकदैवतांचे अभ्यासक रा. चिं. ढेरे काढले, मूळचा गवळी-धनगरांचा देव. कुणीतरी म्हणालं जैन लोक त्याला नेमिनाथ म्हणतात ना, आणि सगळे काकांकडे बघायला लागले. काका म्हणाले, म्हणतात काही जण, पण मूर्ती पहिली कुणाची हा इतिहासाचा प्रश्न आणि आज मी कुणापुढे हात जोडतो हा दुसरा प्रश्न, एकाचं उत्तर दुसऱ्याला देऊ नका.

माझं मत तेव्हाच झालं की अनेकांत म्हणजे 'सगळ्यांचंच खरं, गप बसा' असलं गोड प्रकरण नाहीये. काकांनी उलट प्रत्येकाला जास्त कामाला लावलं, तुमचं अंग सांगा, पुरावा सांगा. ढेऱ्यांचं म्हणणं चुकीचं ठरू शकतं, बाबासाहेबांचंही तपासता येतं. हत्ती आणि आंधळ्यांची गोष्ट मला म्हणूनच फारशी आवडत नाही, त्यात सांगणाऱ्याला अख्खा हत्ती दिसत असतो. जैनांत तो मान फक्त केवलज्ञानी, म्हणजे सगळं जाणणाऱ्या माणसाला. आपल्याकडची नरहरी सोनारांची गोष्ट मला जास्त पटते. कट्टर शिवभक्त, विठ्ठलाचं तोंड बघायचं नाही म्हणून डोळे बांधून कमरेचं माप घ्यायला गेले, तर हाताला व्याघ्रचर्म लागलं, साप लागला, घाईने पट्टी काढली तर समोर विठ्ठल, परत बांधली तर परत शंकर. माणूस तोच, हात तेच. ही गोष्ट गुरुजींनीच सांगितली, स्वतःच्या बाजूने, आणि काका नुसते मान डोलवत होते.

अजून एक बघितलं ते सांगायलाच हवं. मुक्कामाला पोचलं की समाजआरती असते. पालखीभोवती सगळ्या दिंड्या, टाळांचा कानठळ्या बसवणारा गजर, मग चोपदार दंड वर करतात आणि सगळं एका क्षणात थांबतं. पण ज्या दिंडीची तक्रार असेल ती टाळ वाजवतच राहते. हजारो माणसं थांबतात, चोपदार त्या दिंडीकडे जाऊन ऐकून घेतात, मगच आरती. एवढ्या गर्दीत एका दिंडीला 'आमचं वेगळं म्हणणं आहे' असं टाळांनी सांगता येतं, आमच्या हाउसिंग सोसायटीच्या मीटिंगला हे कधी जमलेलं नाही.

पंढरपुरात दर्शनाची रांग बघून काकांनी कळसाला हात जोडले आणि गाडी पकडली, गावात महाराजांचा चातुर्मास बसायचा होता. जाताना मी विचारलं, तुम्ही जगाचा कर्ता देव मानत नाही, मग येता कशाला? म्हणाले, "कर्ता मानत नाही. चालणारी माणसं मानतो की." गुरुजी म्हणाले हे उत्तर नाही, पळवाट आहे. आता दिंडीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर गुरुजी अधूनमधून शंकरभाष्यातलं वाक्य टाकतात, काका त्याला लाईकचा अंगठा देतात आणि विचारतात, पुढच्या वर्षी लोणंदला कधी पोचताय.