तुम्ही विचारलंत म्हणून: कापडी पॅडला वास नाही का येत?

"म्हणजे पुन्हा आजीच्या घड्याच की! वास नाही का येत त्याला?" इंदूरच्या रामबागेतलं हळदीकुंकू असो की राजेंद्रनगरातला शिवणाचा क्लास, पाळीत वापरायच्या, धुऊन पुन्हा घ्यायच्या कापडी पॅडचा विषय निघाला की हा प्रश्न येतोच. प्रश्न रास्त आहे, म्हणून नीट उत्तर देते.

ताज्या रक्ताला फारसा वास नसतो. ओल टिकून राहिली की त्यात जीवाणू वाढतात आणि मग वास सुटतो. आजीची घडी, म्हणजे पाळीत घ्यायचं दुमडलेलं कापड, वाळायची कुठे? न्हाणीघरातल्या खुंटीवर, ओल्या परकराखाली, नाहीतर माळ्यावर. ऊन तिला दिसायचंच नाही. ओडिशातल्या रुग्णालयांत आलेल्या बायकांचा एक अभ्यास २०१८ साली प्रसिद्ध झाला. कापड पुन्हा वापरणाऱ्यांपैकी ज्या ते घराच्या आत वाळवत किंवा संडासात लपवून ठेवत, त्यांच्यात कॅन्डिडा या बुरशीचा संसर्ग जास्त आढळला. तेव्हा पॅड विकत घ्या किंवा शिवा, आधी एकच विचारा: हे आतपर्यंत वाळणार कसं?

बाजारातली जाडजूड, सहा-सात थर एकत्र शिवलेली पॅडं इथेच फसतात. वरून हात लावला तर कोरडी, मधला थर मात्र दमट. अंगाच्या उबेने तोच थर दुपारपर्यंत वास मारायला लागतो. यावर आजीची घडीच उपयोगी पडते, फक्त जरा सुधारून. बाहेरचं पंख असलेलं पातळ कव्हर वेगळं आणि त्यावर ठेवायची घडी वेगळी. घडीचा तुकडा १० इंच लांब, साडेसात इंच रुंद. तो तीन पदरी दुमडला की अडीच इंचांची पट्टी होते आणि दोरीवर उलगडला की एकेरी कापड. अंगावरून जास्त जात असेल त्या दिवशी दोन घड्या एकावर एक ठेवायच्या. रात्रीसाठी लांबी १३ इंच.

कापड सुती फ्लॅनेल, नाहीतर जुनी, धुऊन मऊ झालेली सुती चादर किंवा धोतर. शीतलामाता बाजारात फ्लॅनेल म्हणून पुष्कळदा पॉलिएस्टरही मिळतं आणि ते हाताला जास्तच मऊ लागतं. कडेचा एक धागा काढून जाळून पाहा. सूत कागदासारखं जळतं, मऊ राख पडते. पॉलिएस्टर वितळून त्याची टणक गोळी होते. घरातल्या जुन्या माहेश्वरी साडीचाही मोह आवरा: तिच्यात बहुधा ताणा, म्हणजे उभा धागा, रेशमाचा असतो, ती हे काम करणार नाही. 'बांबू' असं लेबल असलेलं कापड बहुतेक वेळा बांबूच्या लगद्यापासून रसायनांनी केलेलं व्हिस्कोज असतं. वापरायला हरकत नाही, पण नैसर्गिक म्हणून जास्त पैसे देऊ नका.

कोरं कापड शिवण्याआधी दोनदा कोमट पाण्यात धुवा. एक तर ते आटतं, आणि शिवल्यावर आटलं तर पॅड वाकडं होतं. शिवाय खळ गेल्याशिवाय ते पाणी शोषत नाही. धुतल्यावर वर पाण्याचा एक थेंब टाका. चार-पाच सेकंदांत तो आत शिरला पाहिजे. मोत्यासारखा उभा राहिला तर अजून एकदा धुवा.

कव्हरला वरून सुती कापड आणि खालून, हवं असेल तर, पाणी न झिरपणारं पातळ लॅमिनेटेड कापड लावा. पंखांच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत शिवून तयार माप साडेसहा इंच. टिचबटणं टोकापासून अर्धा इंच आत. म्हणजे दोन बटणांत साडेपाच इंच अंतर राहतं आणि बंद केल्यावर रुंदी पावणेतीन इंच होते. आणखी एक बटण अर्धा इंच आत लावलं की तेच पॅड अडीच इंचांवर घट्ट बसतं. हे माप चुकलं की पॅड सरकतं, आणि कडेने गळण्याचं कारण बहुतेक वेळा सरकणं असतं, कमी शोषणं नव्हे. दोन्ही कापडं सुलट बाजू आत ठेवून पाव इंचावर शिवा, तीन इंच मोकळे सोडा, वळणांवर कात्रीने छोट्या खाचा द्या आणि उलटवून घ्या. घडी जागच्या जागी राहावी म्हणून दोन्ही टोकांना कापडाची एकेक आडवी पट्टी पुरते. कव्हरच्या मधोमध शिवण घालू नका. सुईच्या भोकांतून ओल खाली उतरते.

आता धुणं. पहिलं पाणी गारच हवं. रक्तात प्रथिनं असतात. गरम पाण्याने ती धाग्यात घट्ट बसतात आणि डाग कायमचा होतो. गार पाण्यात अर्धा तास भिजवा, पिळा, पाणी बदला. पाणी जवळजवळ स्वच्छ दिसायला लागलं की मग साबण. रात्रभर भिजत ठेवू नका, वास तिथूनच सुरू होतो. बाहेर बदललं असेल तर डागाची बाजू आत दुमडून, बटण लावून छोट्या पिशवीत ठेवा आणि त्याच दिवशी धुवा. हट्टी डागावर औषधाच्या दुकानातलं ३ टक्क्यांचं हायड्रोजन पेरॉक्साइड चमचाभर टाका. फेस येईल, तो बसला की धुऊन टाका. पुसटशी सावली राहिली तर राहू द्या, तिने काही बिघडत नाही. ब्लीच आणि जंतुनाशक द्रव मात्र नकोत: त्यांचा अंश कापडात राहिला तर त्वचा चुरचुरते. फॅब्रिक कंडिशनरही नको. त्याचा थर बसतो आणि शोषणं कमी होतं.

इंदूरमधली एक अडचण पाण्याची. नर्मदेचं पाणी येतं तिथे ठीक, पण बोअरिंगचं पाणी जड असेल तर साबण फेसाळत नाही. पाण्यातल्या कॅल्शियमशी मिळून त्याचा राखाडी चोथा धाग्यांत बसतो. चार-सहा महिन्यांत घडी पापडासारखी कडक होते, थेंब वर उभा राहायला लागतो आणि मग म्हणतात, कापडी पॅड टिकत नाही. अशा घरात अर्ध्या बादलीला एक छोटा चमचा धुण्याचा सोडा घाला. महिन्यातून एकदा अर्ध्या बादलीत तीन-चार चमचे पांढरं व्हिनेगर घालून घडी वीस मिनिटं ठेवा आणि भरपूर पाण्याने खळबळा. पाळी संपली की स्वच्छ धुतलेल्या घड्या दहा मिनिटं उकळा. लॅमिनेटेड कव्हर उकळायचं नाही, त्याचा थर सुटतो.

वाळवायचं उन्हात, गच्चीवर, सगळ्या कपड्यांबरोबर. शेजारीण पाहील म्हणून वर टॉवेल टाकायचा नाही. उलगडलेली एकेरी घडी पाहणाऱ्याला रुमालच वाटते, हाही तिचा एक फायदा. माळव्यातल्या मे महिन्यात तासाभरात काम होतं. खरी परीक्षा श्रावणात. तेव्हा पिळल्यावर घडी कोरड्या टॉवेलमध्ये गुंडाळून जोरात दाबा, पंख्याखाली पसरा आणि शेवटी गरम इस्त्री फिरवा. वाळली की नाही हे बोटांना कळत नाही, गालाला कळतं. घडी गालाला लावा, गार लागली तर ओल आहे.

चार ते सहा तासांनी बदलायचं म्हटलं तर सहा कव्हरं आणि १२ घड्या पुरतात. पावसाळ्यात चार घड्या जास्त ठेवा. विकतचं घेणार असाल तर धुऊन वापरायच्या पॅडसाठी भारतीय मानक ब्युरोचं २०२१ चं स्वतंत्र मानक आहे, आय.एस. १७५१४. वेष्टनावर ते पाहा.

पाळीत शरीराच्या आत ठेवायच्या कपबद्दलही विचारतात. सिलिकॉनचा कप नैसर्गिक नाही, पण चांगला आहे: जास्तीत जास्त बारा तास ठेवायचा आणि पाळीच्या आधी-नंतर पाच मिनिटं उकळायचा. समुद्री स्पंज मात्र घेऊ नका. त्याच्या छिद्रांत वाळू आणि जंतू राहतात, आणि तो शरीराच्या आत ठेवायचा असतो. आणि कुठलंही साधन वापरा, तासाला एक पॅड भिजतंय असं सलग दोन-तीन तास झालं तर तडक डॉक्टरकडे जा.

घडी उजेडासमोर धरल्यावर जाळीसारखी दिसली, किंवा सोडा-व्हिनेगर करूनही थेंब शिरेना, की ती संपली. कव्हरची टिचबटणं काढून ठेवा, पुढच्या कव्हरला चालतात. उरलेलं कागदात गुंडाळून सकाळच्या कचरागाडीत द्या, ओल्या-सुक्यात नाही, सॅनिटरीच्या वेगळ्या कप्प्यात.