शिआनमध्ये एक संध्याकाळ, साडेपाच ते नऊ – माझा अनुभव

लेक चीनमध्ये शिआनला एमबीबीएस करतेय, तिसरं वर्ष. या एप्रिलमध्ये मी आणि हे पहिल्यांदाच तिच्याकडे गेलो. टेराकोटाचे सैनिक सगळेच बघतात, आम्हीही बघितले, आणि त्या दिवशी चालून चालून ह्यांचा गुडघा असा धरला की दुसऱ्या दिवशी हे रूमवरच. लेकीची परीक्षा तोंडावर. ती म्हणाली, आई तू एकटी जा, संध्याकाळची छोटी टूर असते, इंग्रजी बोलणारी गाईड असते, मी बुक करून देते. मी आधी नाहीच म्हटलं. चायनीजचा एक शब्द येत नाही, इंग्रजी कामापुरतं, आणि परक्या देशात रात्री एकटीनं फिरायचं? पण गेले, आणि आता ज्यांची मुलं तिकडे शिकतायत किंवा जे ऑफिसच्या कामाला जाऊन एक संध्याकाळ मोकळी मिळवतात त्यांच्यासाठी सगळं सविस्तर लिहून ठेवतेय.

पहिली गोष्ट बुकिंग. तिकीट पासपोर्ट नंबरवर निघतं, नाव पासपोर्टवर जसंच्या तसं पाहिजे. आपल्याकडे नाव, नवऱ्याचं नाव, आडनाव असं तीन ठिकाणी वाटलेलं असतं, ते फॉर्ममध्ये बरोबर त्याच क्रमानं भरावं लागतं, लेकीनं दोनदा तपासलं. ओरिजिनल पासपोर्ट जवळ ठेवायचा, झेरॉक्सवर विसंबू नका. दुसरी गोष्ट पैसे. तिकडे भाजीवालासुद्धा क्यूआर कोड पुढे करतो, म्हणून अलिपे ॲपमध्ये आपलं कार्ड जोडून घ्या, आणि हे काम घरून निघायच्या आधीच करा, कारण बँकेचा ओटीपी भारतातल्या नंबरवर येतो आणि तिकडे रोमिंग नसेल तर सगळंच अडतं. मी पुण्यातच करून ठेवलं होतं. तरी शंभर-दोनशे युआन रोख पर्समध्ये होतेच, सवय जात नाही. गुगल मॅप तिकडे चालत नाही असंच धरून चाला. गाईडशी बोलायला वीचॅट, म्हणजे तिकडचं मेसेजचं ॲप लागतं, तेही आधीच सुरू करून घ्या.

साडेपाचला शहराच्या जुन्या तटाच्या भिंतीच्या दक्षिण दरवाजापाशी भेटायचं होतं, योंगनिंगमन म्हणतात त्याला, त्याच नावाचं मेट्रो स्टेशन आहे, लाइन दोन. मेट्रोत शिरताना प्रत्येक वेळी बॅग स्कॅन होते, तेवढी पाच-दहा मिनिटं धरून निघा. आम्ही आठ जण होतो. गाईड म्हणजे पंचविशीची मुलगी, हातात पिवळा झेंडा, आणि तिनं सगळ्यांना एकेक छोटा रिसीव्हर आणि इअरपीस दिला, ती हळू बोलली तरी कानात ऐकू येतं. भिंतीवर चढायच्या तिकिटाचे 54 युआन टूरच्या पैशात धरलेले होते.

दरवाजा बघूनच मला आपले किल्ले आठवले. सरळ आत जाताच येत नाही, एका दरवाजातून आत शिरलात की चारी बाजूंनी भिंती असलेलं अंगण, आणि मग पुढचा दरवाजा. शत्रू पहिल्या दारातून आत घुसला की वरून चहूबाजूंनी बाण. आपल्याकडे गोमुखी दरवाजाला वाट वळवून शत्रूला कोंडीत धरतात, इथे सपाटीवर तेच काम या अंगणानं केलंय. मी गाईडला तसं सांगितलं, तर तिनं थांबून आपल्या किल्ल्यांबद्दल दोन-तीन प्रश्न विचारले, मला फार बरं वाटलं.

वर चढल्यावर मात्र मी गप्पच झाले. भिंत म्हटल्यावर डोळ्यासमोर जे येतं ना, तसलं काही नाही, हा रस्ता आहे रस्ता. वरची रुंदी 12 ते 14 मीटर, उंची 12 मीटर, म्हणजे उंचीपेक्षा रुंदी जास्त, आणि शहराभोवती पूर्ण फेरी पावणेचौदा किलोमीटरची. लोक भाड्याच्या सायकली घेऊन वरून चक्कर मारत होते, आजोबा-नातवंडं जोडसायकलवर. मिंग राजवटीच्या पहिल्या बादशहाच्या काळात, 1370 नंतरच्या आठेक वर्षांत हे बांधलं. आत ठासून भरलेली माती आहे, विटांचं आवरण नंतर 1568 मध्ये चढवलं. दर 120 मीटरवर भिंत बाहेर काढून बुरूज केलाय, आणि त्याचं कारण गाईडनं उभं राहून हातानं दाखवलं, इकडच्या बुरुजावरचा माणूस साठ मीटर बाण मारतो, तिकडचाही साठ मीटर, मध्ये शत्रूला उभं राहायला जागाच उरत नाही. साधा हिशोब, पण सहाशे वर्षांपूर्वी कोणीतरी बसून केलेला. मी वाकून एका विटेवर हात ठेवला, दिवसभराच्या उन्हानं गरम होती, आणि सांध्यात बोटभर गवत उगवलं होतं.

इथे वेळेचं सांगते. पूर्ण चीनमध्ये घड्याळ एकच, आणि शिआन बरंच पश्चिमेला, त्यामुळे एप्रिलमध्ये सूर्य सव्वासात-साडेसातला मावळतो. साडेपाचची टूर घेतलीत तर उजेडात वर चढता आणि दिवे लागताना वरच असता. सातची घेऊ नका, फक्त दिवे दिसतात आणि भिंत कळत नाही. आम्ही वर असतानाच खाली खंदकाच्या कडेच्या बागेतून गाण्याचा आवाज यायला लागला, पोरांचं नाही, म्हाताऱ्या माणसांचं, खड्या आवाजातलं. ते छिनछ्यांग, इथलं पारंपरिक नाट्यसंगीत, संध्याकाळी पेन्शनर मंडळी वाद्यं घेऊन जमतात. मग एकदम छपरांच्या कडा उजळल्या, एकेक ओळ करत, आणि लाल कंदील.

खाली उतरून बेल टॉवरकडे. मेट्रोनं एकच स्टेशन, आम्ही चालतच गेलो. घंटेचा हा मनोरा 1384 चा, पण आता जिथे आहे तिथे तो 1582 मध्ये हलवला, अख्खा मनोरा! चार दिशांचे चार मोठे रस्ते बरोबर त्याच्यापाशी मिळतात, आणि भोवती गाड्या गोल फिरत असतात, म्हणून तिकडे जायला जमिनीखालून गोल भुयारी रस्ता आहे. आणि इथेच मी हरवले.

झालं असं की चपलेचा बंद सुटला म्हणून मी भिंतीला टेकून वाकले, मोजून अर्धं मिनिट, वर बघते तर माणसांचा लोंढा आणि पिवळा झेंडा कुठेच नाही. कानात गाईडचा आवाज येत होता, मग खरखर, मग काहीच नाही. गोल रस्ता असल्यामुळे मी कुठल्या बाजूनं आले तेच कळेना, सगळी तोंडं सारखी. छाती धडधडायला लागली. लेकीनं बजावलं होतं, हरवलीस तर चालत सुटू नकोस, आहेस तिथे थांब, तेवढं लक्षात राहिलं. वीचॅटवरून लोकेशन पाठवायला गेले तर जमिनीखाली ते भलतीकडेच दाखवत होतं. तेवढ्यात एक आजी नातवाचा हात धरून माझ्यासमोर येऊन उभ्या राहिल्या, काहीतरी बोलल्या, मी मान हलवली. मग त्यांनी आपल्या फोनमध्ये बोलून फोन माझ्याकडे वळवला, तो इंग्रजीत म्हणाला की तुम्ही कोणाची वाट बघताय का. मी हो म्हटलं, गाईडचा नंबर दाखवला, त्यांनीच फोन लावला, कुठल्या अक्षराच्या एक्झिटजवळ आहोत ते सांगितलं, आणि गाईड पळत पळत येईपर्यंत पाच मिनिटं त्या तिथून हलल्या नाहीत. नातू माझ्या बांगड्या बघत होता. आजींना मी हात जोडले, त्यांनी माझ्या दंडावर थोपटलं आणि निघून गेल्या. त्या बाईचं नावही मला माहीत नाही, पण रोज आठवण येते.

तर भुयारी रस्त्यात गाईडला चिकटून चाला, आणि एक्झिटची अक्षरं वाचत राहा, हे मनापासून सांगते.

पुढे नगाऱ्याचा मनोरा, ड्रम टॉवर, 1380 चा. वर 24 नगारे ओळीनं मांडलेत, चिनी वर्षातल्या 24 ऋतुकाळांचे. सकाळी घंटा, संध्याकाळी नगारा, अशी वेळ सांगायची पद्धत. त्याच्या खाली उभं राहून गाईडनं जे सांगितलं ते माझ्या डोक्यातून जात नाही. मिंग काळाच्याही कितीतरी आधी, तांग राजवटीत या शहराचं नाव चांगआन, आणि ते आताच्या भिंतीच्या कितीतरी बाहेरपर्यंत पसरलेलं, 84 चौरस किलोमीटर. 108 पेठा, आणि प्रत्येक पेठेला स्वतःची भिंत आणि दरवाजे. संध्याकाळी नगारे शेकड्यांनी ठोके द्यायचे, ठोके संपायच्या आत घरी पोचायचं, मग पेठेचे दरवाजे बंद. त्यानंतर मोठ्या रस्त्यावर सापडलात तर वीस फटके. फक्त वर्षाच्या पहिल्या पौर्णिमेला, कंदिलांच्या सणाला, तीन रात्री मोकळीक. मी घड्याळ बघितलं, आठ वाजत आले होते, आणि समोर हजारो माणसं खात, हसत, पोरांना खांद्यावर घेऊन चालली होती.

मनोऱ्याच्या कमानीतून पलीकडे गेलं की मुसलमानांची वस्ती, बेइयुआनमन रस्ता. मोठी मशीद जवळच्या गल्लीत आहे, घुमट नाही, चिनी देवळासारखी छपरं आणि अंगणं, पण संध्याकाळी बंद, ती दिवसा बघा. रस्त्यात जिरं आणि लाल तिखटाचा असा वास की मला आपल्या घरातल्या मसाल्याच्या डब्याची आठवण आली, फक्त ते सगळं मटणाच्या शिगांवर. मी शाकाहारी. लेकीनं शिकवलेलं ‘बू याओ रोऊ’, मांस नको, हे मी चार ठिकाणी म्हटलं आणि चारही ठिकाणी कळलं. ल्यांगफी खाल्लं, म्हणजे तांदळाच्या गार पट्ट्या, काकडी, व्हिनेगर आणि तिखट तेल घालून. डाळिंबाचा रस प्यायले, इथली डाळिंबं प्रसिद्ध आहेत, सोलापूरची सर आहे की नाही ते सांगत नाही, पण गोड होता. आणि झेंगकाओ, चिकट तांदूळ, लाल खजुरासारखी बोरं आणि राजमा थरावर थर लावून तासन्‌तास वाफवलेलं, बाई मोठ्या भांड्यातून उलथन्यानं कापून देत होती. ह्यांच्यासाठी एक पुडा बांधून घेतला.

शेवटचा टप्पा दायान पॅगोडा, म्हणजे बौद्ध मनोरा, दक्षिण दरवाजापासून चारेक किलोमीटर. आता तो भिंतीबाहेर आहे, तांग काळात शहराच्या आत होता. मोठी व्हॅन होती, वीस मिनिटांत पोचलो. पॅगोडा 652 चा, सात मजली, 64 मीटर, थोडासा कललेला, आणि समोर दिव्यांत उभा हातात काठी घेतलेल्या एका भिक्षूचा पुतळा. आमच्या वेळी इतिहासाच्या पुस्तकात हा ह्युएन त्संग होता, लेकीच्या पुस्तकात युआन श्वांग झाला. 645 मध्ये तो भारतातून इथे परत आला तेव्हा बरोबर वीस घोड्यांवर लादून 657 संस्कृत ग्रंथ होते, ते ठेवायला हा पॅगोडा.

गाईडनं विचारलं भारतात कुठल्या. मी महाराष्ट्र म्हटलं. ती म्हणाली, त्यानं लिहिलंय तुमच्याबद्दल, ‘मो-हो-ला-चा’, म्हणजे महाराष्ट्र! पुलकेशीचं राज्य, माणसं उंच, मानी, उपकार विसरत नाहीत आणि अपमानाचा सूड घेतल्याशिवाय राहत नाहीत. हे मी शाळेत वाचलं होतं, परीक्षेत लिहिलंही होतं. पण ज्या गावात बसून त्यानं ते सांगितलं त्या गावात, त्याच्या पायाशी उभं राहून एका चिनी मुलीच्या तोंडून ‘महाराष्ट्र’ ऐकताना माझे डोळे भरून आले, अंगावर काटा आला. महाराष्ट्राची वाट तुडवून आलेला माणूस!

अजून एक सांगितलं तिनं. पॅगोडा ज्या देवळात आहे ते देऊळ 648 मध्ये एका राजपुत्रानं आपल्या गेलेल्या आईच्या आठवणीसाठी बांधलं.

नऊला रिसीव्हर परत केले. पुतळ्याच्या दक्षिणेला जो दिव्यांचा लांबच लांब रस्ता आहे, तांग पोशाख भाड्यानं घेऊन मुली फोटो काढत असतात, त्याचं नाव ‘बूये छंग’, रात्र नसलेलं शहर. लेक अभ्यास आटपून ह्यांना घेऊन मेट्रोनं तिथे आली होती, दोघं पायरीवर बसलेले दिसले. मी तिला देवळाचं सांगितलं. ती म्हणाली, आई, तीन वर्षं मी इथून येते-जाते, मला हे माहीतच नव्हतं, आणि माझ्या खांद्यावर डोकं टेकून पॅगोडाकडे बघत बसली. ह्यांनी पुडा उघडला. झेंगकाओ गार झालं होतं, तरी तिघांनी मिळून संपवलं.