कॅन्टन : गेलो होतो घुमट बघायला

क्लीव्हलँडला भाच्याकडे आठ दिवस होतो. सात दिवस त्याचं घर आणि मॉल यांत गेले. आठव्या दिवशी तो म्हणाला, "मामा, चला कॅन्टनला. फुटबॉलचं हॉल ऑफ फेम, म्हणजे नामवंत खेळाडूंचं संग्रहालय, दाखवतो." गाडीने तासाभराचा रस्ता. अमेरिकन फुटबॉलमधलं मला ओ की ठो कळत नाही. ज्या खेळात चेंडूला पाय क्वचित लागतो त्याला फुटबॉल का म्हणायचं, ही माझी जुनी तक्रार. गेलो ते इमारतीसाठी. जन्म साइटवर काढलेला माणूस कुठेही गेला तरी आधी छत बघतो. इथला घुमट त्या लांबट चेंडूसारखाच, टोक वर काढलेला.

आत जर्सी घातलेल्यांची ही गर्दी! बसायला जागा नाही, माझे गुडघे बोलायला लागलेले. ब्राँझच्या अर्धपुतळ्यांच्या दालनात आलो तेव्हा जरा शांत वाटलं. साडेतीनशेहून जास्त पुतळे, मला सगळे सारखेच जाड मानेचे दिसत होते. भाचा एकापुढे थांबला. "मामा, हा तुमच्या लाइनीतला. ही बिल्डिंग बांधायला होता."

ॲलन पेज. याच गावचा, जन्म 1945चा. 1963मध्ये हे हॉल उघडलं. त्याआधी काम चालू असताना हा शाळकरी पोरगा इथे बांधकामावर होता. आणि 1988मध्ये त्याच इमारतीत त्याचा पुतळा बसला.

मी तिथून हलेना. आमच्या साइटवरची किती पोरं आठवली! इमारत उभी राहिली की वॉचमन त्यांना फाटकातून आत सोडत नाही. उद्घाटनाच्या कोनशिलेवर मंत्र्याचं नाव, फार तर आमच्या कार्यकारी अभियंत्याचं.

बाकीचं भाच्याने सांगितलं. मिनेसोटा व्हायकिंग्जच्या बचावफळीतला डिफेन्सिव्ह टॅकल. 1971मध्ये लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरला, तोवर हा मान बचावफळीतल्या कोणालाच मिळाला नव्हता. सलग 218 सामने खेळला, पण चार सुपर बोल (लीगचे अंतिम सामने) खेळून चारही हरला. धावण्याचं वेड लागून वजन उतरलं, तेव्हा 1978मध्ये संघाने मोसमाच्या मध्येच सोडलं. मग शिकागो बेअर्स, 1981पर्यंत. खेळता खेळता कायद्याची पदवी त्याच 1978 साली! 1992मध्ये मिनेसोटाच्या सर्वोच्च न्यायालयावर निवडून आला, तिथला पहिला कृष्णवर्णीय न्यायमूर्ती. (आता अरेतुरे बरं दिसत नाही.) सत्तरी गाठल्यावर 2015मध्ये नियमाप्रमाणे निवृत्त झाले. इथल्या सन्मानाच्या वेळी आपली ओळख करून द्यायला त्यांनी कोणी प्रशिक्षक नाही, एका शाळेच्या मुख्याध्यापिका बोलावल्या होत्या, आणि स्वतः बोलले ते मुलांच्या शिक्षणावर.

बाहेर पडताना तिथल्या एका कर्मचाऱ्याला विचारलं, 1963चं मूळ बांधकाम नेमकं कुठलं? त्याने घुमटाकडे बोट दाखवलं. जाऊन भिंतीला हात लावला, सवयीने बोटाच्या पेराने ठोकूनही पाहिलं.

"मामा, लोक बघतायत," भाचा म्हणाला.

"बघू दे. भरीव आहे."