पाणी साडेपाचला येतं

आमच्या भांडुपच्या बिल्डिंगमध्ये नळाला पाणी पहाटे साडेपाचला येतं आणि सातला जातं. घरून काम करायला लागल्यापासून माझ्या दिवसात वेळेवर येणारी एवढी एकच गोष्ट उरली आहे.

पूर्वी ८:१२ ची स्लो लोकल होती. घाटकोपरला उतरून मेट्रो, मग चकाल्याचं ऑफिस. ती गाडी चुकली की सगळंच चुकायचं, म्हणून पावणेआठला डबा भरलेला असायचा. मी फार शिस्तीची आहे असं मला बारा वर्षं वाटत होतं. घरून काम सुरू झालं आणि पंधरा दिवसांत कळलं, शिस्त त्या गाडीची होती. नऊला उठायचं, गाऊनवरच लॅपटॉप मांडीवर, नाश्ता अकराला, जेवण साडेतीनला एका हाताने. पाठ धरली ती तेव्हाच.

त्यात प्रोजेक्ट न्यूयॉर्कचा. त्यांच्या सकाळी अकराचा कॉल म्हणजे आपल्याकडे रात्रीचे साडेआठ. नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी तिकडे घड्याळं एक तास मागे घेतात, की तोच कॉल थेट मार्चपर्यंत साडेनऊला. पहिल्या वर्षी मी जेवणही तासभर पुढे ढकललं. रात्री पावणेअकराला आमटी गरम करताना सासूबाई उठून आल्या. "अगं, त्यांच्या घड्याळाचं आपल्या भाकरीशी काय?"

आता मी सासूबाईंबरोबर सव्वासातलाच जेवते. उन्हाळा असो की हिवाळा. (पहिला आठवडा कॉलनंतर चिवड्याचा डबा उघडत होते, खोटं कशाला बोलू.)

पाणी भरायचं काम आधी नवऱ्याकडे होतं, ते मी मागून घेतलं. त्याला अजून त्यात काहीतरी डाव वाटतो. पण मोबाइलचा गजर मी झोपेतसुद्धा बंद करू शकते, पाणी गेलं तर गेलं. पिंप, दोन कळश्या, स्वयंपाकघरातली टाकी. एवढं उचलून झाल्यावर परत झोप लागत नाही. मग स्टेशनपर्यंत चालत जाते, भाजी घेऊन येते. रात्री मात्र कॉल संपला की पडावंच लागतं, नाहीतर साडेपाच झेपत नाहीत.

डोळ्यांच्या डॉक्टरीणबाईंनी सांगितलं होतं, दर २० मिनिटांनी २० फुटांवर २० सेकंद बघायचं. मुंबईतल्या घरात २० फूट कुठून आणायचे? माझ्या टेबलावरून ते फक्त खिडकीबाहेर सापडतात, समोरच्या बिल्डिंगच्या तिसऱ्या मजल्यावरच्या दोरीवर. मंगळवारी तिथे चादरी असतात. जूनमध्ये शाळेचा एक निळा शर्ट आला, बाह्या गेल्या वर्षीपेक्षा चांगल्याच लांब. त्या घरातलं कोणी मला ओळखत नाही. दोनदा तर तिथल्या बाईंनी माझ्याकडे बघून पडदा ओढला.

गेल्या आठवड्यात क्लाएंटने विचारलं, कॉल अजून तासभर उशिरा घेतला तर चालेल का. मी म्हटलं, नाही, पहाटे पाणी भरायचं असतं. पलीकडे दोन सेकंद शांतता. मग, "वॉटर?"

"येस," म्हटलं. कळश्यांपर्यंत गेले नाही.